डोळ्याला दिलेलं श्रेय

पनवेलच्या आद्य क्रांतिवीर वासुदेव बळवंत फडके नाट्यगृहाबाहेर लागणारे नाटकांचे फलक पाहिले की नावांची उतरंड लगेच कळते. नायक-नायिकेचे चेहरे मोठे, नावं ठळक. सासू, आत्या, शेजारीण करणाऱ्या बाईचं नाव खालच्या ओळीत, चारचौघांबरोबर. तिकीट वरच्या नावांवर विकलं जातं, तेव्हा यात कुणाला दोष देण्यासारखं काही नाही. पण खेळ सुटल्यावर बाहेर पडणाऱ्या माणसांच्या तोंडी पुष्कळदा खालच्या ओळीतलीच कुणीतरी असते. सिनेमात ही उतरंड आणखी कडक असते. तिथे नायिकेचं वय वाढलं की ती पडद्यावरून जाते किंवा खालच्या ओळीत उतरते, आणि एकदा उतरली की तिच्या कामाबद्दल बोलायचे शब्दही कमी होतात. नायिकेबद्दल लिहिताना तिचा अभिनय, तिची शैली, तिची घडण यांवर लिहिलं जातं. दुय्यम भूमिका करणारीबद्दल लिहिताना एखादा किस्सा सांगून काम भागवलं जातं. या वागणुकीचं मराठीतलं सगळ्यात ठळक उदाहरण म्हणजे ललिता पवार. त्यांच्याबद्दल बहुतेकांना दोनच गोष्टी ठाऊक असतात: त्यांना एक थप्पड बसली आणि त्यांनी खाष्ट सासवा केल्या. पहिलीमुळे दुसरी झाली, असं पुढे जोडून टाकलं जातं. म्हणजे अर्धशतकाच्या वर चाललेल्या कामाचं श्रेय एका दुखावलेल्या डोळ्याला. हा हिशेब चुकीचा आहे, आणि तो का चुकीचा आहे हे त्यांच्या चित्रपटांतूनच दाखवता येतं.

त्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ चा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. माहेरचं नाव अंबा, आडनाव शगुन. वडील लक्ष्मणराव कापडाचे, रेशमाचे व्यापारी. येवलं पैठणीचं गाव, तेव्हा यात नवल काही नाही. सिनेमात त्या आल्या त्या मूकपटांच्या काळात, वयाची दहा-बारा वर्षंही धड पुरी नसताना. पडद्यावर पोटापाण्यासाठी येणाऱ्या मुलीकडे समाज कोणत्या नजरेनं पाहत असे, हे वेगळं सांगायला नको. त्यांची पुढची वीस वर्षं पुणे, कोल्हापूर आणि मुंबई या तीन ठिकाणच्या स्टुडिओंच्या जगात गेली.   १९३३ मध्ये प्रभात फिल्म कंपनी कोल्हापूरहून पुण्याला आली. १९४२ मध्ये व्ही. शांताराम प्रभात सोडून मुंबईला गेले आणि त्यांनी परळला राजकमल हा स्टुडिओ उभा केला. ललिताबाई या घडामोडींच्या काठावर उभ्या नव्हत्या. ‘कैलास’ या १९३२ च्या मूकपटात त्या नायिका होत्या आणि निर्मितीतही त्यांचा वाटा होता. १९३५ च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’त त्या गायल्या. १९३८ चा ‘दुनिया क्या है’ हा टॉलस्टॉयच्या ‘रिसरेक्शन’ कादंबरीवरचा बोलपट. त्याच्या निर्मितीतही त्या होत्या आणि मुख्य भूमिकाही त्यांचीच होती. त्याच सुमारास भालजी पेंढारकरांच्या ‘नेताजी पालकर’मध्ये त्या दिसल्या. बाविशीतली एक बाई टॉलस्टॉय निवडते आणि त्यात पैसा घालते, ही गोष्ट थप्पडेच्या किश्श्याहून जास्त वेळा सांगितली जायला हवी होती.

आता तो किस्सा. १९४२ च्या सुमारास ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या एका प्रसंगात मास्टर भगवान यांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला, चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघातासारखं झालं, डाव्या डोळ्यातली शीर फुटली. उपचार लांबले आणि तो डोळा कायमचा बारीक राहिला. इतपत खरं आहे आणि ते भयंकर आहे. पण किस्सा सांगताना दोन गोष्टी हमखास चिकटवल्या जातात. एक अशी की भगवान नवखे होते म्हणून हात आवरला नाही. प्रत्यक्षात भगवान तिशीच्या दशकाच्या सुरुवातीपासून पडद्यावर होते आणि तोवर चित्रपट दिग्दर्शितही करत होते. नवखेपणाचं कारण गोष्ट गोड करण्यासाठी घातलेलं दिसतं; मारामारीचे प्रसंग कसे घ्यायचे याची तेव्हा कसलीही शिस्त नव्हती, हे कारण अधिक पटण्याजोगं आहे. दुसरी गोष्ट अशी की तीन वर्षं त्या घरी बसल्या आणि परतल्या तेव्हा नायिकेचे दरवाजे बंद झाले होते, म्हणून सासूच्या भूमिका नशिबी आल्या. पण प्रभातचा ‘रामशास्त्री’ १९४४ चा आहे. त्यात गजानन जागीरदारांच्या रामशास्त्र्यांसमोर आनंदीबाई म्हणून ललिता पवार आहेत. म्हणजे अपघातानंतर दोनेक वर्षांतच त्या कॅमेऱ्यासमोर होत्या, आणि सासू म्हणून नव्हे. ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून साऱ्या महाराष्ट्राने मनाशी धरलेली, राज्याची आस असलेली पेशव्यांच्या घरातली एक सून म्हणून. खऱ्या आनंदीबाईंनी ते अक्षर बदललं की नाही, हा इतिहासकारांचा वाद. प्रभातने मात्र ही भूमिका कुणा नवख्या मुलीला दिली नाही.

समजा ती थप्पड बसलीच नसती. काय झालं असतं? याचं उत्तर शोधायला कल्पनाशक्ती लागत नाही, दोन नावं पुरतात. दुर्गा खोटे १९३२ मध्ये ‘अयोध्येचा राजा’च्या तारामती, १९३६ मध्ये ‘अमरज्योती’तल्या बंडखोर सौदामिनी, १९६० मध्ये ‘मुघल-ए-आझम’मधल्या जोधाबाई, म्हणजे आई. लीला चिटणीस चाळिशीच्या दशकाच्या सुरुवातीला बॉम्बे टॉकीजच्या नायिका. १९४८ च्या ‘शहीद’मध्ये दिलीपकुमारची आई, १९५१ च्या ‘आवारा’त राज कपूरची आई. यांना कुणी थप्पड मारली नव्हती. ललिताबाईंना अपघात झाला तेव्हा त्या सव्वीस वर्षांच्या होत्या. नायिका म्हणून फार तर आणखी सहा-आठ वर्षं मिळाली असती. त्यानंतर धंद्यानेच त्यांना आईच्या पांढऱ्या लुगड्यात उभं केलं असतं. ‘श्री ४२०’ आला तेव्हा त्या एकोणचाळीस वर्षांच्या होत्या आणि ज्याला त्या पोरासारखं वागवतात तो राज कपूर त्यांच्याहून जेमतेम आठ वर्षांनी लहान. ‘हम दोनों’त ज्या मेजरची त्या आई आहेत तो देव आनंद सात वर्षांनी लहान. नायक चाळिशीतही कॉलेजात जायचा आणि त्याच्याच वयाच्या बायका त्याला जेवायला वाढायच्या. अपघाताने एका बाईचं दुःख ओढवलं, हे मान्य करावं. पण तिची वाट बदलली ती अपघाताने कमी आणि बाईचं वय मोजणाऱ्या या बाजाराने जास्त. किश्श्यामुळे हा बाजार नामानिराळा राहतो, म्हणून तर तो किस्सा इतका लोकप्रिय आहे.

यावर कुणी म्हणेल, ठीक, पण त्या बारीक डोळ्यामुळेच त्यांचा चेहरा कपटी दिसू लागला आणि खलनायिका म्हणून त्या उठून दिसल्या, हे तरी खरं ना? हा आक्षेप नीट तपासायला हवा, कारण तो निम्मा बरोबर आहे. व्यंग आणि दुष्टपणा यांची सांगड आपल्याकडे जुनी आहे; मंथरेचं कुबड हे त्याचं पहिलं उदाहरण. हिंदी सिनेमाने ही सांगड बिनदिक्कत वापरली. पण डोळाच जर काम करत असता, तर तो प्रत्येक चित्रपटात एकच काम करता. ‘श्री ४२०’मध्ये (१९५५) ललिता पवार फुटपाथवर केळी विकणाऱ्या गंगामाई आहेत. डोळा तोच आहे. पण इथे त्यात मिस्किलपणा दिसतो, समोरच्या पोरट्याचं खोटं ओळखूनही त्याला केळी देणारी बाई दिसते. ती बोलते ते भांडण उकरून काढल्यासारखं, आणि ऐकणाऱ्याला त्यात माया ऐकू येते. मुंबईच्या बाजारात माल विकायला बसणाऱ्या बायकांचा तो तोंडाळपणा आहे, आणि तो येवल्याच्या, मराठी वळणाच्या बाईने हिंदीत आणला म्हणून खरा वाटतो. चित्रपटातल्या दोन-चार प्रसंगांत त्यांना एवढंच करायचं आहे: राज कपूरचा राजू ज्या गरिबांना पुढे फसवणार आहे ते गरीब प्रेक्षकाला आपले वाटले पाहिजेत. गंगामाई खोट्या वाटल्या असत्या तर राजूच्या पापाला वजनच आलं नसतं. दुय्यम भूमिकेचं हे गणित आहे. वेळ थोडा, पार्श्वभूमी सांगायला जागा नाही, गाणं नाही. पडद्यावर आल्या आल्या आवाजाने, चालण्याने, पदर कसा घेतलाय याने सगळं कळायला हवं.

आता खाष्ट सासूकडे येऊ, कारण तिला टाळून हे लिहिणं अप्रामाणिक होईल. शांतारामांच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) त्या हुंड्यासाठी सुनेला छळणाऱ्या सासू आहेत. जयश्री सून, पृथ्वीराज कपूर तिचे वडील. हुंडाबंदीचा कायदा यायला अजून अकरा वर्षं होती. ही भूमिका पाहताना एक गोष्ट लक्षात येते. ललिताबाई आपली सासू रागाने करत नाहीत, हक्काने करतात. पैसे मागताना तिला आपण काही वावगं करतोय असं क्षणभरही वाटत नाही. मुलाच्या आईला जे मिळतं ते तिला मिळालेलं नाही, आणि ती आपलं येणं वसूल करतेय. छळ करणाऱ्या माणसाला स्वतःची बाजू न्याय्य वाटत असते, हे ज्या नटाला कळतं तो खलपुरुष करायला लागल्यावर अंगावर काटा येतो. ‘सुजाता’मध्ये (१९५९) बिमल रॉय यांनी याच गुणाचा वेगळा उपयोग केला. तिथे त्या सोवळं-ओवळं सांभाळणाऱ्या, अस्पृश्य घरातली मुलगी ब्राह्मणाच्या घरी वाढतेय हे सहन न होणाऱ्या वडीलधाऱ्या बाई आहेत. त्यांच्यासमोर सुलोचनाबाई: मुलीवर जीव आहे, पण ‘माझी मुलगी’ म्हणायला जीभ रेटत नाही, ‘मुलीसारखी’ म्हणून थांबणारी आई. मध्ये ती मुलगी, नूतन. बंगाली कथेवर बंगाली दिग्दर्शकाने काढलेल्या या हिंदी चित्रपटात जातीचा सगळा पेच तीन मराठी बायकांच्या चेहऱ्यांवर चालतो, हे जरा थांबून पाहावं. सुलोचनाबाईंची आई कुणालाही आवडेल. ललिताबाईंचं काम अवघड होतं, कारण त्यांना ती बाई राक्षसीण होऊ द्यायची नव्हती. देवधर्म करणारी, नातवावर जीव टाकणारी, आपल्या ओळखीतल्या शंभर घरांत सापडेल अशी ठेवायची होती. राक्षसीण पाहून प्रेक्षक स्वतःला निर्दोष समजून घरी जातो.

हीच कसोटी ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ला लावली तर त्यांचं कसब अधिक स्पष्ट होतं, कारण इथे संहिताच त्यांच्याविरुद्ध आहे. १९५५ हे हिंदू विवाह कायद्याचं वर्ष. घटस्फोटाचा हक्क त्यात पहिल्यांदा देशभरच्या हिंदूंना मिळाला. गुरुदत्त यांच्या या विनोदी चित्रपटात सीतादेवी ही स्त्रीहक्कांसाठी सभा गाजवणारी, पुरुषांचा तिरस्कार करणारी आत्या आहे. वडिलांच्या मृत्युपत्राच्या अटीमुळे भाचीला लग्न करावं लागणार, म्हणून ती एका बेकार व्यंगचित्रकाराला पैसे देऊन लग्न लावते, लगेच घटस्फोट द्यायच्या बोलीवर. चित्रपटाची सगळी सहानुभूती गुरुदत्त आणि मधुबालाकडे आहे. सीतादेवी हरायलाच लिहिलेली आहे. साध्या नटीने ती हास्यास्पद केली असती आणि दिग्दर्शकही खूश झाला असता. ललिता पवारांची सीतादेवी ताठ बसते, मुद्देसूद बोलते, तिचं इंग्रजी वळणाचं राहणं उसनं वाटत नाही. आज तो चित्रपट पाहताना तिचे मुद्दे बरोबर वाटू लागतात आणि नायक-नायिकेचा शेवटचा दिलजमाईचा प्रसंग थोडा अडचणीचा होतो. चित्रपटकर्त्याला हे अभिप्रेत नव्हतं, पण भूमिका करणारीने आपल्या बाईला पुरेशी अक्कल दिली की असं होतं. केळेवाली गंगामाई आणि मोटारीतून फिरणारी सीतादेवी या दोघी एकाच वर्षात पडद्यावर आल्या.

‘अनाडी’ (१९५९) हे त्यांचं सगळ्यात मोठं यश. हृषीकेश मुखर्जींच्या या चित्रपटात त्या मिसेस डिसा, राज कपूरच्या घरमालकीणबाई. भाड्यासाठी तोंड सोडणारी, पोर जेवलं की नाही ते पाहणारी ही ख्रिस्ती बाई मुंबईत कुठेही भेटेल अशी आहे. कथेचा सगळा कणा तिच्यावर आहे, हे सहसा लक्षात येत नाही: कारखानदाराच्या सदोष औषधाने मिसेस डिसा मरते, खुनाचा आळ नायकावर येतो, आणि तिथून चित्रपट शेवटाला लागतो. तिचा मृत्यू प्रेक्षकाला लागला नाही तर पुढचा अर्धा तास कोरडा जाईल. या भूमिकेसाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर पारितोषिक मिळालं. हे पारितोषिक तेव्हा नवीन होतं. पहिलं १९५५ मध्ये उषा किरण यांना ‘बादबान’साठी मिळालं होतं. त्याची पत किती होती, हे दुसऱ्या एका प्रसंगावरून कळतं. ‘देवदास’मधल्या चंद्रमुखीसाठी वैजयंतीमालांना ते दिलं गेलं तेव्हा त्यांनी नाकारलं. आपली भूमिका सुचित्रा सेन यांच्या पारोइतकीच मोलाची आहे, ती दुय्यम कशी, असा त्यांचा मुद्दा होता. मुद्दा बिनतोड होता. पण ज्या बाईकडे नायिकेच्या जागेवर दावा सांगायची सोयच नव्हती, तिला त्या जागेवरून न भांडता भूमिकेचं वजन दाखवून द्यावं लागत होतं. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीनेही ललिताबाईंचा अभिनयासाठी गौरव केला. या दोन सन्मानांनंतर तरी नुसत्या डोळ्याची गोष्ट मागे पडायला हवी होती.

ती पडली नाही, कारण साठीच्या दशकात त्यांना आलेल्या भूमिका वरवर पाहता एकाच ठशाच्या होत्या. कडक, श्रीमंत, पांढऱ्या साडीतली विधवा. इथे सगळ्यात गंभीर आक्षेप येतो: हे वैविध्य कसलं, एकच बाई पुन्हा पुन्हा तर आहे. सातशे चित्रपट केले असा आकडा त्यांच्याबद्दल सर्रास छापला जातो. तो थोडा कमी धरला तरी इतक्या गर्दीत पाट्या टाकलेल्या असणारच, आणि टाकलेल्या आहेत. डोळे वटारून, मान झटकून निभावलेल्या सासवा त्यांच्या खात्यात पुष्कळ आहेत. १९८० च्या ‘सौ दिन सास के’पर्यंत ते दुकान चालू होतं. पगारी स्टुडिओ मोडून सगळे नट कंत्राटावर आल्यावर चरित्रभूमिका करणाऱ्याला एका वेळी अनेक चित्रपट धरणं भाग होतं. नायिका वर्षाला दोन-तीन चित्रपटांवर जगू शकत असे, सासू करणारी नाही. तेव्हा नटाची पातळी त्याच्या सरासरीवरून ठरवायची की जिथे वाव मिळाला तिथल्या कामावरून, हा खरा प्रश्न आहे, आणि माझं मत दुसऱ्या बाजूला आहे. ‘जंगली’ (१९६१) आणि ‘प्रोफेसर’ (१९६२) एकापाठोपाठ पाहा. दोन्हींत नायक शम्मी कपूर, दोन्हींत ललिताबाई हसण्या-बागडण्यावर बंदी घालणाऱ्या घरच्या कारभारीण. ‘जंगली’त ती आई आहे, कडकपणा हा तिने वारशाने जपलेला घरचा नियम आहे, आणि तो मोडतो तेव्हा तिला आपण काही गमावतोय असं वाटतं. ‘प्रोफेसर’मध्ये ती भाच्यांची पालक, लग्नच न झालेली बाई आहे, तिचा कडकपणा तिने स्वतःभोवती उभारलेला आहे. म्हातारा शिक्षक बनून आलेल्या नायकावर तिचं मन बसतं. ती नटू लागते, लाजू लागते. प्रेक्षागृह हसतं, पण ललिताबाई स्वतः हसत नाहीत. त्या बाईचं लाजणं त्या पूर्ण गांभीर्याने करतात. म्हणून ढोंग उघडं पडतं तेव्हा हसणाऱ्याला जरा ओशाळल्यासारखं होतं. शम्मी कपूरच्या धांगडधिंग्याच्या चित्रपटात हे घडवणं सोपं नाही. दोन्ही भूमिकांचा वेष एक, कारणं वेगळी. आणि पाहणाऱ्याला कारण दिसतं.

दुसरा आक्षेप सामाजिक आहे आणि तो बायकांनीच घेतला आहे: या भूमिकांनी सासू बदनाम झाली. मराठी घरांत कुणाला ‘अगदी ललिता पवार आहे’ म्हटलं की पुढे काही सांगावं लागत नाही. एका नटीचं नाव शिवी होऊन बसावं, यात तिच्या कामाची पावती आहे तसा अन्यायही आहे. पण या बदनामीचा हिशेब नीट मांडायला हवा. सासू छळते अशा बऱ्याच चित्रपटांत एक सासराही असतो. तो बहुधा पेपर वाचत असतो, फार तर हताशपणे चष्मा पुसतो, आणि शेवटी सुनेच्या डोक्यावर हात ठेवून सज्जन ठरतो. हुंड्याचा पैसा त्याच्याच घरात येतो. घरातली सत्ता पुरुषाची आणि तिची वसुली बाईकडून, ही व्यवस्था कथालेखकांनी जशीच्या तशी उचलली आणि रोष सगळा वसुली करणाऱ्या बाईवर ढकलला. ललिताबाईंना संहिता बदलता येत नव्हती. त्यांच्या हाती एवढंच होतं की त्या बाईला माणूस ठेवायचं. चांगल्या भूमिकांत त्यांनी ते ठेवलं, घाईच्या भूमिकांत नाही. म्हणून त्यांना निर्दोष ठरवायची गरज नाही, पण सासूच्या बदनामीचा खटला उभा राहिला तर त्यात आधी लेखक, निर्माते आणि पेपर वाचणारे सासरे यांना उभं करावं लागेल.

हृषीकेश मुखर्जींना त्यांच्यातला दुसरा पदर दिसला होता. ‘अनाडी’नंतर बारा वर्षांनी ‘आनंद’मध्ये (१९७१) त्यांनी ललिताबाईंना रुग्णालयातली मेट्रन केलं आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवलं. रमेश देव यांच्या डॉक्टर प्रकाशच्या रुग्णालयात ही मेट्रन रुग्णांना शिस्त लावत फिरते. मरणाच्या दारातला आनंद तिलाही आपलंसं करतो. प्रसंग हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. घरमालकीण डिसा तोंडाळ होती कारण तिचं पोट भाड्यावर होतं. मेट्रन डिसा कडक आहे कारण रोज माणसं मरताना पाहायची असतील तर मन घट्ट ठेवावं लागतं. हा फरक संवादांत कुठेही सांगितलेला नाही.

१९८७ च्या जानेवारीत दूरदर्शनवर रामानंद सागरांचं ‘रामायण’ सुरू झालं आणि रविवारची सकाळ त्याच्या मालकीची झाली. मंथरा झालेल्या ललिताबाई तेव्हा सत्तरीच्या होत्या. ही भूमिका त्यांना नवी नव्हती. १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’ चित्रपटातही मंथरा त्याच होत्या. पुढच्या पिढीला त्या एवढ्याच आठवतात: कुबड, काठी, बारीक डोळा. इथे डोळ्याचा सिद्धान्त मांडणाऱ्यांना हवा तसा पुरावा मिळाल्यासारखा वाटतो. पण मंथरेचं काम चेहऱ्याने होणारं नाही. तुलसीदासांच्या कथेत देवांच्या सांगण्यावरून सरस्वती तिची बुद्धी फिरवते, म्हणजे तिच्या दुष्टपणाला तिचं स्वतःचं कारणच उरत नाही. नटीपुढे प्रश्न उभा राहतो की मग कैकेयीला पटवायचं कशाच्या जोरावर. कैकेयीचं रामावर प्रेम आहे. अभिषेकाची बातमी ऐकून ती आनंदाने बक्षीस देऊ पाहते. अशा राणीचं मन एका संध्याकाळीत फिरवायचं तर भीती घालून चालत नाही, तिचं हित सांगावं लागतं. ललिताबाईंची मंथरा म्हणून माहेरची जुनी दासी होते, जिने या राणीला लहानाची मोठी होताना पाहिलंय. ती आधी रुसते, मग आठवण करून देते की भरत आजोळी असतानाच हा मुहूर्त का काढला, मग कौसल्या राजमाता झाल्यावर तुझं या महालात काय राहील ते विचारते. प्रत्येक मुद्द्यानंतर ती थांबते आणि पद्मा खन्नांच्या कैकेयीला स्वतः पुढचा विचार करायला वेळ देते. कैकेयीच्या तोंडून शंका येते तेव्हा मंथरेचा आवाज चढत नाही, उलट खाली येतो, घरच्या माणसाने घरच्या माणसाशी बोलावं तसा.